रूळ सरळ होता

"मुकादम, रूळ सरळ हाय," लिंगाप्पा माझ्या कानाला लागून म्हणाला.

मी रेल्वेगेटापासून दीड किलोमीटर खडीवरून धावत आलो होतो. छातीचा भाता झाला होता. मागून माझे सहा गडी, कुणाच्या खांद्यावर पहार, कुणाच्या हातात घण. दुपारचे अडीच वाजलेले, वैशाखाचं ऊन, आणि अर्ध्या किलोमीटरवर बिदरकडून आलेली पॅसेंजर लाल झेंडीपुढं उभी. तिकडून डायवर आणि पंचवीस-तीस माणसं लाईनच्या कडेनं आमच्याकडे चालत येत होती. त्यातल्या एकानं मोबाईल उंच धरला होता.

"काय म्हणलास?"

"सरळ हाय. लांबून वाकडा दिसल्ता. आता हात फिरवून बघितलो, डोळा लावून बघितलो. कुटंच काय न्हाई."

मी त्याच्याकडे पाहिलं. ओठ पांढरे पडलेले, डोळे लाल, जीभ टाळ्याला चिकटत होती. चोवीस वर्षं मी या माणसाला ओळखतो. त्यानं विनाकारण कधी कुणाला हाकसुद्धा मारली नाही, आणि आज भरली गाडी थांबवली होती. आता डायवर विचारणार, स्टेशनमास्तर विचारणार, वरचे साहेब विचारणार. अठ्ठावन्न वर्षांचा माणूस, उन्हानं डोकं फिरलं म्हणतील आणि लाईनीवरून काढतील. मी फार विचार केला नाही. विचार करायला वेळ असला की सगळेच शहाणे असतात.

"पहारी लावा रे!" मी ओरडलो. "समदे एका अंगानं! खडी दाबा!"

गड्यांनी माझ्याकडे पाहिलं, रुळाकडे पाहिलं, पुन्हा माझ्याकडे पाहिलं. मग पहारी लावल्या. मुकादमानं सांगितल्यावर कामून म्हणून विचारायची आमच्या गँगमध्ये पद्धत नाही. डायवर पोचला तेव्हा सहाही जण घामानं निथळत होते.

"किती होता?" त्यानं विचारलं.

"तीन बोटं," मी म्हणालो. "बसला आता. हळू काढा गाडी."

एवढंच बोललो. उन्हाळ्यात रूळ तापून वाढतो आणि वाढायला जागा मिळाली नाही की बाजूला बाक काढतो. त्यावरून गाडी गेली तर डबे रानात. हे डायवरला मी सांगायची गरज नव्हती. त्यानं लिंगाप्पाला भर उन्हात मिठी मारली. माणसांनी टाळ्या वाजवल्या, एका बाईनं तर त्याचे पाय धरले. लिंगाप्पाच्या तोंडून शब्द फुटत नव्हता. लोकांना वाटलं, काय नम्र माणूस! कुणीतरी पाण्याची बाटली दिली, ती त्यानं एका दमात संपवली. दुसरी दिली, तीही संपवली. तिसरी एका पोरानं त्याच्या डोक्यावर ओतली आणि मोबाईलवाल्यानं ते सगळं टिपून घेतलं.

आता तुम्हाला लिंगाप्पा कोण ते सांगायला पाहिजे. तो आमचा चावीवाला. रुळाला खालच्या आडव्या स्लीपरशी धरून ठेवणाऱ्या लोखंडी चाव्या असतात. त्या गाड्यांच्या हादऱ्यानं ढिल्या होतात. रोज आपल्या वाट्याची लाईन पायी चालायची आणि ढिली चावी दिसली की घणानं ठोकायची, हे त्याचं काम. मूळचा मुडबीचा, मेंढपाळाच्या घरचा. बाप मेंढरामागं, आजा मेंढरामागं. हा रेल्वेत लागला पण चाल तीच राहिली. लांब ढांग, मान खाली आणि तोंडानं सारखं काहीतरी पुटपुटणं. मेंढरं नव्हती म्हणून हा चाव्यांशी बोलायचा.

थंडीच्या दिवसांत लिंगाप्पासारखा चावीवाला अख्ख्या सेक्शनमध्ये नव्हता. सकाळी निघाला की वीस पावलांवरची ढिली चावी त्याला दिसायची. कधीकधी तर गाडी गेल्यावर नुसत्या आवाजावरून सांगायचा, "मुकादम, पुलाच्या अलीकडं दोन चाव्या सुटायल्यात." जाऊन बघावं तर दोनच! आणि हाच माणूस वैशाखात दुपारी परत आला की त्याला स्वतःचा डबा कुठं ठेवला ते आठवत नसे. मी हसायचो. हसण्यासारखं नव्हतं ते. माझ्या गँगमध्येही मी हेच बघत आलोय. जी खडी गडी पौषात गाणी म्हणत दोन तासांत दाबतात, तिला वैशाखात चार तास लागतात, आणि त्यात दोन भांडणं होतात. सख्खे भाऊ एका घमेल्यावरून एकमेकांच्या अंगावर जातात. संध्याकाळी वारा सुटला की तेच दोघं एका ताटात जेवतात. माणूस तोच असतो हो, ऊन त्याला दुसराच करतं.

म्हणून उन्हाळ्यात आमची गँग सकाळी सहाला लागते आणि बाराच्या आत सावलीला येते. पण बारा ते चार कुणीतरी लाईन बघत फिरावंच लागतं, कारण रूळ वाकला तर त्याच वेळी वाकतो. याला आम्ही उन्हाची गस्त म्हणतो. सगळे आत येतात तेव्हा तो एकटा बाहेर जातो. लिंगाप्पा चार वर्षं स्वतःहून ती गस्त घ्यायचा. कुणी घेत नव्हतं म्हणून नव्हे. बायको म्हाळसाबाई चार वर्षांपूर्वी गेली, त्याआधी दोन वर्षं अंथरुणाला होती. एकुलती एक लेक अंबिका आळंदला दिलेली, दीड तासाचा रस्ता, पण तिचं घर मोठं, दुकानाचा व्याप, सासू कडक. फोन यायचा तो उगादीला आणि दिवाळीला. लिंगाप्पा मला एकदा म्हणाला होता, "मुकादम, क्वार्टरमधी बसलो की भिंती अंगावर येत्यात. लाईनीवर माणूस एकटाच असतो, तितं एकटं असल्याचं काय वाटत न्हाई." माझ्या घरी सात माणसं. मला एकटं बसायला संडास तेवढा मिळतो.

त्या दिवशी नक्की काय झालं ते त्यानं मला संध्याकाळी सांगितलं. क्वार्टरच्या पायरीवर बसलो होतो. तो अजून पाणीच पीत होता.

"चव्वेचाळीसच्या खांबापाशी ईरण्णाची मेंढरं बसल्ती," तो म्हणाला. ईरण्णा म्हणजे मुडबीचा, त्याच्या भावकीतला. "एक मेंढी व्यायला झाल्ती. अडल्ती. जीभ भाईर. ईरण्णाजवळ पाण्याचा थेंब न्हाई, हिरीला गेलाय पोरगा म्हणला. मी माझा कॅन दिलो."

"कितीचा?"

"दोन लिटरचा."

"सगळा?"

"मुकादम, व्यायच्या मेंढीला अर्धं पाणी पाजत्यात का?"

मी कपाळावर हात मारला. गस्तवाल्यानं आधी स्वतःचं पाणी सांभाळायचं, हे मी दर चैत्रात ओरडून सांगतो. पण याच्या बापानं याला वेगळं सांगितलं होतं. व्यायला झालेल्या जनावरापुढून पाणी घेऊन कोरडं जायचं नाही, नाहीतर त्याचं पाप कळपाला लागतं. रेल्वेची चोवीस वर्षं एका बाजूला आणि बापाचं एक वाक्य एका बाजूला. पारडं कुठं झुकलं ते दिसतंच आहे.

"मेंढी तरी वाचली का?"

"व्याली. दोन पिल्लं," तो म्हणाला आणि त्या दिवसातलं एकमेव हसू त्याच्या तोंडावर आलं. मग गेलं. "पुढं तीन किलोमीटर चाललो. घाम यायचा थांबला. कानात गाडी आल्यागत व्हायलं. सत्तेचाळीसला वर बघितलो तर रूळ वाकडा. शेरडाच्या शिंगागत. गाडीला बारा मिंट व्हती. म्हागं फिरलो, पळालो, फटाके लावलो, झेंडी धरलो."

रुळावर ठेवायचे फटाके असतात, चाकाखाली फुटले की डायवर गाडी थांबवतो. त्या अवस्थेत हा अर्ध्या किलोमीटरहून जास्त पळाला, फटाके बरोबर अंतरावर लावले आणि झेंडी धरून उभा राहिला. एक नियम चुकला नाही. फक्त रूळ वाकलेला नव्हता.

"झालं ते झालं," मी म्हणालो. "झाकली मूठ सव्वा लाखाची. कुणापुढं तोंड उघडू नको."

दुसऱ्या दिवशी ती मूठ अख्ख्या जिल्ह्यात फिरली. मोबाईलवाल्यानं गाणं लावून फिल्म टाकली होती. साडेतीनशे जीव वाचवणारा देवमाणूस! आळंदात, बसवकल्याणात, पार उमरग्यापर्यंत ज्याच्या त्याच्या हातात लिंगाप्पा, डोक्यावर पाणी ओततानाचा. कन्नड पेपरात आला, मराठी पेपरात आला. गावोगावचे पुढारी शाली घेऊन आले. गावोगावची पोरं रांगेनं आली. गेटवाल्याच्या घरची सत्यभामाबाई सकाळ-संध्याकाळ चहा टाकून दमली, कारण लिंगाप्पाच्या घरात दोनच कप. त्यानं जाऊन सहा नवे स्टीलचे कप आणले.

मी संध्याकाळी गेलो की तो दारात उभा राहून खाली बघत असायचा. तिसऱ्या दिवशी मी विचारलं, "काय बघायलास?"

"चपला," तो म्हणाला. "म्हाळसाच्या तेराव्यानंतर माझ्या दारात येवड्या चपला बघितल्या न्हवत्या, मुकादम."

आणि अंबिकाचा फोन. उगादी नाही, दिवाळी नाही, आणि रोज फोन! लिंगाप्पाला कमी ऐकू येतं म्हणून तो फोन स्पीकरवर लावून गुडघ्यावर ठेवतो, त्यामुळे मलाही सगळं ऐकावं लागे. तिकडून नातू बंटी ओरडायचा, "अज्जा, तू मोबाईलात दिसायलास! माझ्या गल्लीत समद्यांनी बघितलं!" जावई नागराज कधी चार शब्द न बोलणारा माणूस, तोही बोलला. मामा, आमच्या बाजारात तुमचीच चर्चा हाय म्हणाला. मग ठरलं. डिव्हिजनचे साहेब शनिवारी आमच्या स्टेशनावर येऊन लिंगाप्पाला प्रशस्तिपत्र देणार होते. अंबिका, नागराज, बंटी आणि धाकटी, सगळे शुक्रवारीच गाडी करून येणार आणि दोन दिवस राहणार. अंबिका बापाच्या घरी राहायला आली ती म्हाळसाबाईच्या दिवसांना, त्यानंतर नाही. लिंगाप्पानं शेजारून दोन खाटा मागून आणल्या. भिंतीला चुना मारला. म्हणजे मारायला घेतला, तो मध्येच कुणीतरी भेटायला आलं आणि अर्धी भिंत पांढरी राहिली.

मला खरं सांगायचं तर बरं वाटत होतं. मी खोटं बोललो होतो, पण त्यातून बघा किती झालं, असं मनाशी म्हणत होतो. कुणाचं नुकसान नाही. एका एकट्या माणसाचं घर भरलं.

रविवारी संध्याकाळी त्यानं मला निरोप पाठवून बोलावलं. घरात कुणी नव्हतं.

"उद्या शिवलीला मॅडमनी जबाबाला बोलिवलंय," तो म्हणाला. शिवलीला मॅडम आमच्या सेक्शनच्या इंजिनियर, बिदरच्या. वय असेल बत्तीस. आमच्याशी मराठीत बोलतात, कागद इंग्रजीत लिहितात. "मला सही व्हईना मुकादम."

"कामून व्हईना? सही येत न्हाई का तुला?"

"रूळ सरळ हुता."

"अण्णा, तुला येड लागलंय का?" मी उठूनच उभा राहिलो. "आता मागं फिरता येत न्हाई. तीन बोटं मी म्हणलोय. माझ्या तोंडानं. तू सरळ म्हणलास की मी खोटा. चोवीस वर्सांची नोकरी माझी! माझ्या घरी सात तोंडं हायत!"

"तुझं नाव मी घेत न्हाई."

"नाव घ्यायला काय पायजे? सहा गडी व्हते तितं!" मला राग आवरत नव्हता. राग त्याचा नव्हता, माझाच मला येत होता, पण समोर तो होता. "आन् अंबिका? बंटी? शुक्रवारी यायलेत न्हवं? काय सांगशील? ज्या गाडीला काय झालंच न्हवतं ती वाचिवली म्हणून? लोक हासतील, अण्णा. जे शाल घिऊन आले तेच हासतील."

तो अर्धवट पांढऱ्या भिंतीकडे बघत बसला. मी पाय आपटत निघून आलो. रस्त्यात मला वाटलं, हा सही करील. इतक्या वर्षांनी घरात माणसं यायची असताना कोण असा गाढवपणा करील? मी तर नसता केला.

सोमवारी मॅडमच्या ऑफिसात कूलर घरघरत होता. बाहेर त्रेचाळीस डिग्री. जबाब टाईप करून तयारच होता, फक्त सही बाकी. मॅडमनी तो मराठीत वाचून दाखवला. किलोमीटर सत्तेचाळीसवर रूळ तीन बोटं वाकल्याचे दिसल्याने वगैरे वगैरे. लिंगाप्पानं पूर्ण ऐकून घेतलं. मग बोट ठेवून म्हणाला, "हे खोडा मॅडम."

"कुठलं?"

"वाकल्याचं. रूळ सरळ हुता. मी नंतर हात लावून बघितलो."

मॅडमनी माझ्याकडे पाहिलं. मी कूलरकडे पाहिलं.

"तिप्पण्णा, तुम्ही तर सरळ केला म्हणून सांगितलंत."

चार दिवस मी काय काय बोलायचं ते ठरवत होतो, आणि ऐन वेळी त्यातलं एक वाक्य सापडेना. "खडी दाबली मॅडम," मी म्हणालो. ते तरी खरं होतं.

बाई हुशार, आणि मनानं चांगली. त्यांनी कागद बाजूला सरकवला आणि हळू आवाजात म्हणाल्या, "लिंगाप्पा, हे बघा. शंका आली म्हणून गाडी थांबवली, असं लिहूया. शंका आली तरी थांबवायची, हाच नियम आहे. यात तुमचं काही चुकत नाही. शनिवारचा कार्यक्रमही होईल."

मी मनात म्हणालो, देवा बसवेश्वरा, काय सोपी वाट काढली! टेबलाखालून मी लिंगाप्पाला पायानं ढोसलं.

"शंका न्हवती मॅडम," तो म्हणाला. "शंका आली असती तर बरं झालं असतं. मला दिसला. तुमी आता समोर दिसायलात, तसा दिसला."

"पाणी नव्हतं तुमच्याकडे?"

"हुतं. मेंढीला पाजलं."

मॅडमनी पेन खाली ठेवलं. "मेंढीला?"

"व्यायला झाल्ती." त्याला यात सांगण्यासारखं काही वाटत नव्हतं. "ते माझं चुकलं. पर नुस्तं पाण्याचं न्हाई मॅडम. हे दोन वर्सं व्हायलंय. बारा वाजले की डोक्यात काय ऱ्हात न्हाई. मी कुणाला सांगितलो न्हाई, लाईनीवरनं काढतील म्हणून. त्या दिशी खडीवरनं पळताना तोंडात बायकूचं नाव घ्यावं म्हणलो, आमच्यात संकटात घरच्या माणसाचं नाव घेत्यात, तर नावच येईना. तेहतीस वर्सं हाक मारलेलं नाव. म्हाळसा. झेंडी धरून हुबा ऱ्हायलो तरी येईना. गाडी थांबली, पाणी पिलो, मंग आलं."

मला हे त्यानं सांगितलं नव्हतं.

"सरळ रूळ वाकडा दिसला, गाडी थांबली, कुणाचं काय गेलं न्हाई," तो पुढं म्हणाला. "पर उद्या वाकडा सरळ दिसला तर? मी झेंडी काखंत घालून पुढं जाईन. माझी लेक न् नातवंडंबी बसत्यात की गाडीत. तुमीबी बसताव. मला उन्हाच्या गस्तीवरनं काढा, मॅडम. लाईनीवरनंच काढा."

म्हणजे ज्या गोष्टीच्या भीतीनं मी खोटं बोललो होतो, ती गोष्ट तो स्वतः मागत होता. मॅडमनी नवा कागद घेतला. तो सांगत गेला, त्या लिहीत गेल्या. गस्तवाल्यानं रूळ तपासला, सरळ आढळला. गँगनं खबरदारी म्हणून खडी दाबली. त्यांनी 'खबरदारी' लिहिताना माझ्याकडे एकदा पाहिलं. बाकी माझं काय करायचं ते त्यांनी नंतर केलं. एक कडक पत्र मिळालं, ते माझ्या पेटीत आहे. मिळायला पाहिजेच होतं.

लिंगाप्पानं सही केली. कन्नडमध्ये करतो तो, सावकाश, एकेक अक्षर. सही झाल्यावर त्यानं पेन टोपण लावून परत दिलं आणि नमस्कार करून बाहेर गेला. बाहेर उन्हात उभा राहून त्यानं लाईनीकडे पाहिलं, आणि मग रुळावरून न जाता रस्त्यानं घरी गेला. क्वार्टर रुळानं जवळ पडतं.

मंगळवारपासून तो स्टेशनच्या स्टोअरला लागला. दहा बाय बाराची खोली, वरती पत्रा, एक खिडकी, तीही मालगाडीच्या फलाटाकडे. झेंड्या, कंदील, फावडी, घमेली. कुणी मागितलं की द्यायचं. डॉक्टरी तपासणीला त्याला रेल्वेच्या मोठ्या दवाखान्यात पाठवणार होते. शनिवारचा कार्यक्रम रद्द झाल्याचं बुधवारी सगळ्यांना कळलं. लोक म्हणजे काय विचारू नका! जे त्याचे पाय धरले म्हणून सांगत फिरत होते तेच म्हणायला लागले, आम्हाला पहिल्यापासून वाटलंच होतं. एकानं तर तीच फिल्म हसण्याचं गाणं लावून टाकली. मी त्याला शोधून दोन लगावणार होतो, पण तो निघाला कलबुर्गीचा.

गुरुवारी संध्याकाळी मी डबा घेऊन लिंगाप्पाकडे गेलो. आमच्या घरच्या बाईनं शेंगाची पोळी केली होती. रविवारनंतर मी त्याच्याशी कामाशिवाय बोललो नव्हतो. दारात माझ्याच चपला. आत दोन्ही खाटा मांडलेल्या, त्यावर धुतलेल्या चादरी. उशा मात्र कुठून तरी नवीन आणलेल्या, अजून प्लास्टिकमध्ये. तो जमिनीवर भिंतीला टेकून बसला होता. तीन दिवस सावलीत काम केलेला माणूस, पण चोवीस वर्षांत तो मला इतका दमलेला दिसला नव्हता.

"पाय दुखायलेत," तो म्हणाला. "चाललो न्हाई म्हणून."

मी खाटेवर बसलो. चुकलो म्हणायला आलो होतो, आणि शेंगाच्या पोळीविषयी बोलत राहिलो. तेवढ्यात फोन वाजला. त्यानं तो गुडघ्यावर ठेवून बटण दाबलं.

"अप्पा," अंबिका म्हणाली. मग थांबली. मागं दुकानाचा गलबला होता. "अप्पा, कार्यक्रम न्हाई का मंग आता?"

"न्हाई, बाळा."

"व्हय. हे म्हणायलेत." पुन्हा थांबली. "तुमी तसं कामून सांगितलाव, अप्पा? हितं समदे मला इचारायलेत. सासूबाईंनी तर... जाऊ द्या. गाडी सांगितल्ती उद्याची. हे म्हणायलेत, आता..."

बापाला नाही म्हणायचं कसं, याची वाट ती शोधत होती. पोरगी वाईट नाही. तिच्या आवाजात रडू होतं, मी ऐकलं.

"अंबिका, ऐक," लिंगाप्पा म्हणाला. "मीच फोन लावणार व्हतो. तुमी येऊ नका."

"तसं न्हाई अप्पा, मी..."

"अगं हिकडं ऊन लई हाय. क्वार्टर नुस्तं भट्टी झालंय. बंटीच्या नाकाचा घोळणा फुटतो की उन्हात. धाकटी तर किती नाजूक. कशाला लेकरांचे हाल करायलीस? मी कुटं पळून चाललोय व्हय?"

"व्हय अप्पा," ती हळूच म्हणाली. "औंदा ऊन लईच हाय."

"त्येच म्हणतो. दिवाळीला या. तवा गारवा असतो."

"येताव अप्पा. नक्की येताव. पाणी पीत जावा."

"पितो, पितो. ठिव आता, दुकानात माणसं असतील."

त्यानं फोन बंद केला आणि गुडघ्यावरून उचलून शेजारी ठेवला. जबाबाच्या कागदावर एका खोट्या शब्दाला नाही म्हणणारा हा माणूस माझ्यासमोर इतकं सरळ बोलला होता. मी दारातून बाहेर पाहिलं. सकाळपासून आभाळ गच्च भरलेलं होतं, आळंदकडून गार वारा सुटला होता, आणि लिंगाप्पानं अंगावर चादर ओढून घेतली होती.